वाचायचा कंटाळा करणाऱ्या मुलांसाठी शी-शू-शेंबडाच्या गोष्टी: निवडायच्या कशा, लिहायच्या कशा?

परळ_बालविभाग

परळमधल्या एका वाचनालयाच्या बालविभागात दर शनिवारी दीड तास वाचनवर्ग असतो. १४ मुलं, दुसरी ते चौथीतली. निम्मी महापालिकेच्या मराठी शाळेतली. निम्मी इंग्रजी माध्यमातली, जी घरी घडाघडा मराठी बोलतात पण वाचताना एकेक अक्षर लावत बसतात. यातली पाच-सहा जण पुस्तक उघडतात, चाळतात आणि परत फळीवर ठेवतात. पाद, ढेकर, शेंबूड असलं काही निघालं की मात्र हीच मुलं पुस्तकावर तुटून पडतात.

अशा गोष्टींचा एक वेगळा खण करायचा विचार आहे. जाणकारांना विचारायचं ते असं: याने वाचन खरंच सुधारतं, की नुसता दंगा होतो? मराठीत असं फारसं हाताला लागत नाही, तर स्वतः लिहायचं झाल्यास शब्द कोणते घ्यावेत, किती घ्यावेत? आणि थांबायचं कुठे? करून बघता येईल असं नेमकं सांगितलंत तर फार बरं होईल.

काना_मात्रा

ताई, उपयोग होतो, पण एका अटीवर. हसू अक्षरात असलं पाहिजे, चित्रात नाही. पानभर चित्रात हत्तीच्या मागून हिरवा ढग निघालाय आणि खाली दोन ओळी आहेत, असं असेल तर मूल चित्र बघून खदखदतं आणि पान उलटतं. एक अक्षर वाचलेलं नसतं. बघणाऱ्याला वाटतं, काय रमलंय पुस्तकात!

म्हणून पुस्तक निवडताना आधी मजकूर झाकून नुसती चित्रं बघा. सगळी गंमत तेवढ्यात कळली तर ते पुस्तक बघायला छान, वाचनासाठी कामाचं नाही. मग चित्रं झाकून नुसता मजकूर वाचा. हसू आलं तर घ्या.

त्यानंतर गोष्ट आहे का ते बघा. घाणीचे शब्द बाजूला काढल्यावर कुणाला तरी काही हवंय, ते मिळत नाही, मग तो काही करतो, एवढं तरी उरलं पाहिजे. १९८९ मध्ये जर्मनीत निघालेलं एक चित्रपुस्तक या बाबतीत नमुनेदार आहे. जमिनीखालून वर आलेल्या मोलच्या (बिळात राहणारा, उंदरासारखा दिसणारा छोटा प्राणी) डोक्यावर कुणीतरी शी करतं. तो एकेका प्राण्याला विचारत जातो आणि प्रत्येक प्राणी 'माझी तर अशी असते' म्हणून करून दाखवतो. विषय शीचा, पण बांधणी तपासाची. 'मग कुणाची?' हे कळायला पुढचं पान वाचावंच लागतं. नुसतं 'राजा पादला, राणी पादली, प्रधान पादला' तिसऱ्या पानावर संपतं, कारण पुढे जाणून घ्यायचं काही नसतं.

आता शब्द. इथे मराठीची बाजू जोरकस आहे. ही यादी बघा: शी, शू, पाद, ढेकर, शेंबूड, मेकूड, लाळ, मळ, घाम, उलटी, ओकारी, उवा, शेण, लीद, ढुंगण. यात एकही जोडाक्षर नाही! नुकतं काना-मात्रा-वेलांटी-उकार-अनुस्वार येऊ लागलेलं मूल हे सगळे शब्द स्वतः लावू शकतं. आपण सभ्य म्हणून जे शब्द घालतो तेच त्याला अडवतात: विष्ठा, दुर्गंधी, मूत्र. म्हणजे पहिल्या टप्प्यावर 'सभ्य' करण्याच्या नादात आपण मजकूर कठीण करून ठेवतो.

घात होतो तो आवाज लिहिताना. टर्र, ढुर्र, फुस्स, पच्च असे आवाज सुचतात आणि दर वेळी रफार नाहीतर जोडाक्षर येतं. पहिल्या टप्प्यासाठी पूं, पचकन, बदकन, भसकन, पचपच, बुळबुळ हे घ्या. 'टर्र' दुसऱ्या टप्प्याला राखून ठेवा. तिथे तो रफार शिकवायला फार उपयोगी पडतो, कारण ओठांनी आवाज काढल्याशिवाय कुणी तो वाचतच नाही. हीच काळजी विभक्तीची. 'डोक्यावर' मध्ये क्या आला, 'मामाच्या' मध्ये च्या. 'कावळा टकलावर शिटला' हे पूर्ण वाक्य बिनजोडाक्षराचं आहे. च्या, ल्या, त्या मात्र फार दिवस टाळता येत नाहीत. बाकीच्या जोडाक्षरांआधी तेवढे ओळखीचे करून घ्यावेत.

अजून एक खजिना. मराठीत प्राण्यागणिक शब्द बदलतो. गाय-म्हैस टाकते ते शेण, घोडा-गाढव टाकतो ती लीद, शेळी-मेंढी-उंदीर यांच्या लेंड्या, आणि पक्षी शिटतो. मुंबईतल्या मुलाला यातला फार तर एखादा शब्द माहीत असतो. 'अंगणात लेंड्या दिसल्या, मग इथे गाय आली होती का?' एवढ्या एका प्रश्नावर तपासाची गोष्ट उभी राहते आणि चार शब्द कायमचे डोक्यात बसतात.

लांबीचं म्हणाल तर अगदी नवशिक्याला पानावर फार तर ८ ते १२ शब्द, एका गोष्टीत नवे शब्द पाच-सहाच, आणि एक ओळ तीन-चार वेळा परत येणारी. तयार गोष्टींसाठी प्रथम बुक्सचं स्टोरीवीव्हर हे संकेतस्थळ बघा. तिथे मराठीतल्या गोष्टी पातळीनुसार लावलेल्या आहेत. पहिली पातळी २५० शब्दांच्या आतली, दुसरी साधारण ६०० पर्यंत. परवाना खुला आहे, त्यामुळे लेखक-चित्रकारांचं श्रेय ठेवून छापता येतं, सोपं करून लिहिताही येतं.

पुस्तक मुलाला झेपतंय का हे बघायला १०० शब्दांत पाच चुकांचा हिशोब धरा. ४० शब्दांच्या पानावर दोनदा अडलं तर एकट्याने वाचू दे. चारदा अडलं तर तुम्ही शेजारी बसा. त्याहून जास्त असेल तर पुस्तक बदला, मग गंमत कितीही असो.

रेषाकाम

वरच्या मुद्द्याला चित्राच्या बाजूने जोड देते. चित्राने प्रसंगाच्या आधीचं आणि नंतरचं दाखवावं, मधलं शब्दांवर सोडावं. बोकडाचे गाल फुगलेत, डोळे बाहेर आलेत, हे एका पानावर. पुढच्या पानावर सगळ्यांच्या टोप्या उडाल्यात. मध्ये काय झालं ते फक्त ओळीत: 'बोकडाला ढेकर आला.' मुलाला टोप्यांचं कारण हवं असतं, ते शोधायला त्याला ओळीवर यावंच लागतं.

घाण हुबेहूब काढू नका. खरीखुरी दिसली की किळस येते आणि हसू थांबतं. दोन वाकड्या रेषा, एक माशी, एवढ्यावर भागतं.

अक्षरं २० ते २२ पॉइंट, आणि दोन ओळींमध्ये अक्षराच्या दीडपट-पावणेदोनपट अंतर. देवनागरीत वर मात्रा-वेलांटी आणि खाली उकार असतो. ओळी दाटल्या की 'ढुंगण'चा उकार खालच्या ओळीतल्या 'शी'च्या वेलांटीत घुसतो आणि नवशिकं मूल नेमकं तिथेच अडखळतं. मुंबईच्याच 'एक टाइप' या फॉन्ट बनवणाऱ्या संस्थेने केलेले मुक्ता आणि बालू हे फॉन्ट फुकट मिळतात. मजकुराला मुक्ता घ्या, बालू जाड आहे तो आवाजांच्या शब्दांना घ्या. टाइप करताना भाषा मराठी निवडलेली आहे ना ते बघा, नाहीतर काही फॉन्टमध्ये ल आणि श हिंदी वळणाचे उमटतात. मुलांच्या पाठ्यपुस्तकात पाकळीचा ल आणि देठाचा श असतो. तुमच्या विषयात तर शी, शू, शेंबूड, शेण, सगळीकडे श आहे!

ओळ तोडताना शब्दांचा गट फोडू नका. 'बोकडाला / ढेकर आला' चालेल, 'बोकडाला ढेकर / आला' नको.

परळ_बालविभाग

दोघांचेही मनापासून आभार. श चा मुद्दा लक्षातच आला नव्हता. काना_मात्रा, या नियमात बसणारी एखादी छोटी गोष्ट नमुन्याला देता का? छपाईला फक्त ए-फोर कागद आणि एक काळा-पांढरा प्रिंटर आहे. शिवाय दोन पालकांनी आत्ताच विचारलंय, 'हे असलं कशाला वाचायला देता?' त्यांना काय सांगावं?

काना_मात्रा

एका ए-फोर कागदाची आठ पानी पुस्तिका होते, एकच काप, ना पिन ना गोंद. कागद आडवा धरा आणि चार उभे भाग गुणिले दोन ओळी अशी आठ घरं पाडा. खालच्या ओळीत डावीकडून पान ८, १, २, ३. वरच्या ओळीत डावीकडून ७, ६, ५, ४, पण वरची चारही पानं डोकं खाली करून. एकाच बाजूला छापा. सगळ्या घड्या आधी दाबून घ्या. मग कागद रुंदीत अर्धा दुमडा आणि दुमडलेल्या कडेकडून मधल्या आडव्या घडीवर एक घर आत कापा. उघडल्यावर कागदाच्या मधोमध दोन घरं लांबीची चीर दिसेल. आता छपाई बाहेर राहील असा कागद लांबीत दुमडा, दोन्ही टोकं एकमेकांकडे ढकला, चीर उघडून अधिकचं चिन्ह तयार होईल, ते पान १ वर येईल असं गुंडाळा. पान साधारण साडेसात बाय साडेदहा सेंटिमीटरचं होतं. प्रिंटर कडेचं छापत नाही, म्हणून प्रत्येक घरात पाऊण सेंटिमीटर समास सोडा.

गोष्ट ही घ्या:

पान १: वास कुणाचा?
पान २: शी! कसला हा वास? मनू, तू पादलास?
पान ३: "मी नाही! बोकड पादला."
पान ४: बोकड बोलला, "मी नाही! उंदीर पादला."
पान ५: उंदीर बोलला, "मी नाही! वास पिशवीत. पिशवीत डबा. डबा उघडा!"
पान ६: आत शनिवारची भाजी!
पान ७: हिरवी, केसाळ, लिबलिबीत! शीऽऽ!

मुखपृष्ठासकट ३६ शब्द, जोडाक्षर शून्य. 'मी नाही' तीनदा येतं, तिसऱ्या वेळी ते मूल न अडखळता वाचतं आणि त्याला स्वतःचा वेग कळतो. सोमवारी उघडलेला शनिवारचा डबा मुंबईतल्या कुठल्याही मुलाला समजावून सांगावा लागत नाही.

उत्तर पान ६ वर का आहे, ते बघा. पुस्तिका उघडल्यावर २-३ समोरासमोर येतात, मग ४-५, मग ६-७. 'डबा उघडा!' पान ५ वर, आणि उघडायचा म्हणजे पानच उलटायचं. इथे नेहमी होणारी चूक म्हणजे शेवटचा धक्का पान ८ वर ठेवणं. पान ८ हे मलपृष्ठ. पुस्तिका हातात घेतल्याबरोबर मूल ती उलटून मागे बघतं आणि गोष्ट तिथेच फुटते. पान ८ कोरं ठेवा.

ही जमली की 'आदा पादा कोण पादा' घ्या. चोर ओळखायची ही मोजणी बऱ्याच मुलांना तोंडपाठ असते, त्यामुळे बोट शब्दाखाली फिरवत आवाज आणि अक्षर जुळवायला ती उत्तम. धोका एवढाच की मुलं छताकडे बघून म्हणून टाकतात. त्यासाठी 'दामाजीचा घोडा पादा' या ओळीतला 'घोडा' बदलून 'घडा' लिहा आणि काही बोलू नका. जो खरंच वाचतोय तो थबकतो. पुढच्या वेळी 'गोडा', मग 'घोडी'. एका मात्रेने किंवा एका अक्षराने काय बदलतं हे दहा वेळा समजावण्यापेक्षा हे लवकर पोचतं.

गिरणगावची_ताई

वरचं सगळं पटलं, पण यादीत दोन बदल सुचवते. 'उवा' काढा. तिसरी-चौथीच्या वर्गात कुणा ना कुणाच्या डोक्यात उवा असतातच. गोष्ट वाचून झाल्यावर सगळे वळून त्याच मुलीकडे बघतात आणि ती पुढच्या शनिवारी येत नाही. आणि 'कावळा टकलावर शिटला' ऐवजी 'टोपीवर शिटला' करा. जोडाक्षर तसंही येत नाही आणि माणसाच्या शरीराला हसायचं कारण उरत नाही.

प्रत्येक गोष्टीला एकच प्रश्न विचारायचा: ज्याला हसतोय तो या वर्गात बसलेला असू शकतो का? असेल तर गोष्ट बाजूला. परळ-लालबागच्या वर्गात चाळीतली मुलं असतात, टॉवरमधली असतात आणि वस्तीतलीही असतात. सगळ्यांच्या घरात संडास नसतो. सार्वजनिक संडासाची रांग, हातातली बादली, दाराची तुटकी कडी, यावर विनोद केला की अर्धा वर्ग हसतो आणि उरलेला अर्धा खाली बघतो. तसंच नाल्याचं. नाल्याकाठी राहणाऱ्या मुलाच्या पत्त्याला आपण घाण म्हणतोय, हे लिहिणाऱ्याच्या ध्यानातही येत नाही.

सफाई करणारा माणूस तर विनोदात आणूच नका. गटारात उतरणारा, मैला उचलणारा, कचरागाडीवरचा. आपल्याकडे घाण आणि जात यांना एकमेकांना बांधून ठेवलेलं आहे, हाताने मैला उचलायला लावण्यावर बंदी आणणारा कायदा २०१३ मध्ये नव्याने करावा लागला. मुलं ज्या वयात 'शी' म्हणायला शिकतात त्याच वयात ती कुणाला 'शी' म्हणायचं हेही शिकतात. आपल्या पुस्तकाने त्याला हातभार लावता कामा नये.

जेवणाचंही तसंच. सुकट, जवळा, बोंबील यांचा वास हा तयार विनोद वाटतो. कुणाच्या तरी डब्यात तेच असतं. वरच्या नमुन्यात शिळी भाजी आहे ते योग्य आहे. कुठलीही भाजी दोन दिवसांनी सडते, त्यात कुणाचं अन्न वाईट ठरत नाही. चित्रात तिथे मासा काढू नका म्हणजे झालं.

अंथरूण ओलं करणं, बोलताना लाळ गळणं, तोतरेपणा, जाडी, काळा रंग हेही नको. सात-आठ वर्षांच्या काही मुलांचं अंथरूण अजून ओलं होत असतं आणि ती ते जिवापाड लपवत असतात.

मग हसायचं कुणाला? राजाला, राक्षसाला, ऐटबाज मांजराला, सगळं माहीत असल्याचा आव आणणाऱ्या मोठ्या माणसाला. किंवा ज्याला सगळ्यांचं होतं तेच होतं त्याला: शिंक येते, ढेकर येतो, पोटात गुरगुरतं. चिमणीचं घर मेणाचं आणि कावळ्याचं शेणाचं, ही तर मराठी घरातली पहिलीच गोष्ट. तीत शेण आहे ते घर बांधायला.

चौथी_ब

पालकांबद्दल. त्यांचा आक्षेप बहुतेक वेळा विषयाला नसतो, शब्दाला असतो. 'पोटातला वारा' चालतो, 'पाद' चालत नाही. त्यामुळे खण सुरू करायच्या आधी शब्दांची यादीच त्यांच्यासमोर ठेवा. पहिल्या महिन्यात शी, शू, ढेकर, शिंक, शेंबूड, लाळ. दुसऱ्या महिन्यात पाद, ढुंगण, उलटी, शेण. 'गू' आणि 'हगणे' हे घरोघरी बोलले जातात, पण शिवीच्या अंगानेही येतात, म्हणून ते यादीत नाहीत. शिव्या तर नाहीतच. हद्द लिहून दाखवली की बहुतेकांचा राग तिथेच निवतो. काही घरात 'पाद' पुढेही चालणार नाही. त्या मुलाला ढेकराच्या गोष्टी द्या. वाचन तेवढंच होतं.

हा वाद काही आपल्याकडचाच नाही. अमेरिकेत १९९७ मध्ये सुरू झालेल्या 'कॅप्टन अंडरपँट्स' या मुलांच्या विनोदी पुस्तकमालिकेवर ग्रंथालयांत इतक्या तक्रारी आल्या की तिथल्या ग्रंथालय संघटनेच्या सर्वाधिक आक्षेपांच्या यादीत ती २०१२ आणि २०१३ अशी सलग दोन वर्षं पहिली होती. जपानात मात्र २०१७ मध्ये पहिली ते सहावीसाठी कांजी लिपी गिरवायच्या वह्या निघाल्या, ज्यांतल्या सगळ्या, म्हणजे ३०१८ वाक्यांत 'शी' हा शब्द आहे. एकच अक्षर पुन्हा पुन्हा गिरवायचा कंटाळा मोडायला एवढं पुरलं. गिरवण्याची पानं तुम्हीही याच रीतीने करू शकता.

पालकांना शेवटी पटतात ते आकडे. सुरुवातीला प्रत्येक मुलाकडून न वाचलेला मजकूर एक मिनिट वाचून घ्या आणि बरोबर शब्द मोजा. सहा आठवड्यांनी तेवढ्याच कठीण, पण वेगळ्या आणि शी-शू नसलेल्या मजकुरावर पुन्हा मोजा. विषय बदलला नाही तर सुधारणा वाचनाची की 'पाद' या शब्दाच्या ओळखीची, ते कळणार नाही. निपुण भारत या केंद्र सरकारच्या पायाभूत वाचन-गणिताच्या मोहिमेत दुसरीसाठी मिनिटाला ४५ ते ६० शब्द, तिसरीसाठी किमान ६०, तेही समजून, असं धरलेलं आहे. ते कोपऱ्यात लिहून ठेवा, पण मुलासमोर घड्याळ धरू नका.

आणि खण तिथेच थांबू देऊ नका. गोष्टींनंतर माहिती आणा. नाकात आणि घशात रोज लिटरभर तरी चिकट द्रव तयार होतो आणि त्यातला बहुतेक आपण नकळत गिळतो. धडधाकट माणूसही दिवसातून दहा-वीस वेळा पादतो. गाईच्या पोटातला मिथेन मुख्यतः ढेकरातून बाहेर पडतो, पादण्यातून थोडाच. फुलपाखरं क्षारांसाठी ओल्या शेणावर बसतात. बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानातल्या बिबट्यांच्या विष्ठेतले केस तपासून अभ्यासक ते काय खातात हे शोधतात. 'विष्ठा' हा कठीण शब्द इथे आणायचा. बिबट्याची म्हटल्यावर मूल तो ष्ठा लावून वाचतंच. तिथून वन्यप्राण्यांच्या पुस्तकाकडे जायला एकच फळी ओलांडावी लागते, म्हणून हा खण त्या फळीच्या शेजारी ठेवा. वेगळ्या कोपऱ्यात लपवून ठेवलात तर तिथे नुसती गर्दी होईल.

परळ_बालविभाग

गिरणगावची_ताई, उवांची गोष्ट खरंच लिहून तयार होती, ती काढून टाकते. शेवटचं एक: वर्गात मोठ्याने वाचताना दोन मुलं तोंडाने आवाज काढत बसतात आणि बाकीचे तिकडेच बघतात. वाचन राहून जातं.

चौथी_ब

आवाजाला मजकुरात जागा द्या. पुस्तिकेत जिथे 'पूं' लिहिलंय तिथेच आवाज, आणि तो काढायचा मान त्या दोघांचा. म्हणजे त्यांना ओळीवर नजर ठेवावी लागते, नाहीतर त्यांची पाळी हुकते. एका पुस्तिकेत अशा तीनच जागा ठेवा. काना_मात्रांच्या नमुन्यात 'पूं' नाही, तिथे तीनदा येणारं 'मी नाही!' त्यांना द्या.

तुम्ही वाचून दाखवत असाल तर गमतीच्या शब्दाआधी थांबा आणि बोट त्या शब्दाखाली ठेवा. 'आत शनिवारची...' आणि गप्प. तो शब्द मुलांनीच वाचायचा. तुम्ही आधी हसलात किंवा 'आता बघा हं काय गंमत होते' म्हणालात तर वाचण्याजोगं काही उरत नाही.

मोठ्याने एकदाच, पाच मिनिटं. मग जोड्या पाडून दहा मिनिटं, एक पान याने, एक पान त्याने. दोन्ही आवाजी मुलं एका जोडीत नकोत. पुस्तिका घरी न्यायला द्या. कोऱ्या पान ८ वर डब्यात अजून काय निघालं ते एका वाक्यात लिहून आणायला सांगा. शुद्धलेखन तपासू नका. पुढच्या शनिवारी ती १४ वाक्यं मोठ्या अक्षरात फळ्यावर लिहा, नाव न घालता. कुठलं आपलं ते शोधायला प्रत्येकजण सगळी वाचतो.